बिजागऱ्यांचा पावसाळा

त्या पावसाळ्यात आमच्या स्वयंपाकघरात भिंतीवर एक लांब कपाट होतं, त्याला सहा दारं होती आणि त्यांतलं एकही धड लागत नव्हतं. कपाट आमच्यासाठी केलेलं नव्हतं. कोपरगाव तालुक्यातल्या एका साखर कारखान्याच्या वसाहतीत आम्ही राहायचो. चीफ इंजिनिअरच्या बंगल्यातलं स्वयंपाकघर नवं केलं तेव्हा जुनं निघालेलं हे कपाट वडिलांनी मागून घेतलं आणि चार माणसांनी हातगाडीवरून आणून आमच्या भिंतीवर चढवलं. प्लायवूडचं, वरून फिकट हिरवा सनमायका. बाहेरून बिजागरी दिसत नसे. दाराच्या आतल्या बाजूला रुपयापेक्षा थोडा मोठा गोल खड्डा, त्यात बसवलेली लोखंडी वाटी, वाटीतून निघालेला हात, आणि तो हात कपाटाच्या आतल्या फळीवर स्क्रूनं पक्का केलेला. आत स्प्रिंग. दार अर्धं लोटलं की उरलेलं अंतर ते स्वतः ओढून घ्यायचं आणि टक् असा आवाज करून बसायचं. निदान बंगल्यात तसं होत असावं. आमच्याकडे आलं तोवर वाट्यांना गंज चढला होता आणि स्प्रिंगा मेल्या होत्या. दोन दारं ओघळून एकमेकांवर चढायची. एक कायम चार बोटं उघडं राहायचं, आणि आई ओट्याखालून वाकून उठली की ते तिच्या कपाळाला लागायचं. "माझी मांडणी काय वाईट हुती?" आई म्हणायची. "उघडी हुती, पर कपाळात तर बसत न्हवती."

वडिलांना आम्ही नाना म्हणायचो. कारखान्यात ते रावसाहेब फिटर होते. ऊस संपून गाळप थांबलं की कारखाना बंद पडतो असं बाहेरच्यांना वाटतं. प्रत्यक्षात फिटरचं खरं काम तेव्हा सुरू होतं. मिल हाउस, म्हणजे जिथे उसाचा रस काढतात तो भाग, पूर्ण खोलतात. रोलर, बेअरिंग, पंप जमिनीवर मांडतात आणि पुढच्या सीझनआधी पुन्हा जोडतात. दर वर्षी ते चार-पाच महिने नाना अंगाला ग्रीसचा वास घेऊन घरी यायचे. त्या वर्षी ते घरीच होते. खोलाखोलीच्या तिसऱ्या दिवशी चेनपुलीला टांगलेली लोखंडी प्लेट सरकली आणि त्यांचा उजवा हात तिच्याखाली आला. बोटं वाचली. पण तर्जनी मधल्या पेरात वाकेनाशी झाली आणि तिच्या टोकाला काय लागतंय ते कळेनासं झालं. डॉक्टरांनी हलकं काम लिहून दिलं. चीफ इंजिनिअरसाहेबांनी नानांना बोलावून एक अट घातली, ती नानांनी त्याच दिवशी जेवताना आम्हाला जशीच्या तशी सांगितली. बॉयलर पेटायच्या आधी एक कपलिंग लावून दाखवायचं. मोटर आणि पंप यांचे दांडे जिथे एकमेकांना जोडतात ते कपलिंग. दोन्ही दांडे एका सरळ रेषेत आले नाहीत तर बेअरिंग जळतं. ते सरळ आले की नाही हे घड्याळासारख्या एका डायलवर मोजतात. काटा पाच रेघांच्या आत राहिला तर नाना मिल हाउसमध्ये, पुढे गेला तर गेटवर.

पगार तोच राहणार होता. गेटवर खुर्ची होती, सावली होती, येणाऱ्या-जाणाऱ्या गाडीचा नंबर लिहायचा एवढंच काम होतं. हे सगळं आईनं बोलून दाखवलं. नानांनी ताटातली भाकरी मोडली नाही. "एकोनीस वर्सं मिल चालू करून दिली," ते म्हणाले. "आता दांडकं घिऊन फाटक उघडू?"

रिकामा फिटर घरात असणं म्हणजे काय ते त्यानंतरच्या दोन महिन्यांत आम्ही पाहिलं. सकाळचा भोंगा झाला की नाना उठून उभे राहायचे, जायचं नाही हे लक्षात आलं की पुन्हा बसायचे. बसायचे तेही टेकून नाही, खाटेच्या कडेवर. पाऊस असला तर दारातून रस्त्याकडे बघायचे. थांबला की वसाहतीच्या टोकापर्यंत जाऊन परत यायचे. तिथून मिल हाउसचा पत्रा दिसायचा आणि हातोड्याचे ठोके ऐकू यायचे. ओल्या भुश्शाचा आणि मळीचा आंबूस वास त्या टोकाला जास्त असायचा. परत आले की सांगायचे, "दोन नंबरचा रोलर बसवत्यात. घाई करत्यात." आई शेंगोळे करायची, हुलग्याच्या पिठाचे, भरपूर लसूण घालून. एरवी नाना त्याची ताटली पुसून घ्यायचे. आता अर्ध्यात उठायचे आणि हात धुवायला जाता जाता कपाटाचं एखादं दार उघडायचे, लोटायचे, पुन्हा उघडायचे. ताटावरून उठलेल्या माणसाला आई काही बोलत नसे, पण फुलपात्र जरा जोरात ठेवायची. मी बारावी होऊन घरी होते. नगरच्या कॉलेजचा फॉर्म आणून पंधरा दिवस झाले होते आणि मी तो भरत नव्हते. का भरत नव्हते याचं नेमकं कारण मला तेव्हा देता आलं नसतं. आजही देता येत नाही. घरातलं कोणीच एका जागी बसत नव्हतं एवढं नक्की सांगता येईल.

श्रावणातल्या एका सकाळी आई नळावरून पाणी घेऊन आत आली तेव्हा कपाटातले सगळे डबे जमिनीवर होते आणि सहाही दारं भिंतीला टेकवून उभी होती. बाराच्या बारा बिजागऱ्या काढून नानांनी एका डब्यात टाकल्या होत्या. आई कळशी कडेवर तशीच धरून उभी राहिली.

"गंजल्यात," नाना म्हणाले. "नव्या लावतो."

"कोन लावतो?"

"मी."

"कुठल्या हातानं?"

नानांनी पेचकस उजव्या हातात घेतला. मला त्या क्षणी कळलं की हे कपाटाचं काम नाही.

कोपरगावला जाऊन त्यांनी बारा नव्या बिजागऱ्या आणल्या. दुकानदारानं कसल्या हव्यात असं विचारलं होतं, यांनी असल्याच असं सांगून खिशातली एक जुनी दाखवली होती. दुसऱ्या दिवशी दारं चढवायला घेतली. पहिलं बसलं. दुसरं बसलं, पण तिसरं लावायला गेले तर ते दुसऱ्यावर आपटलं. दोघांपैकी एकच बंद होऊ शकत होतं. नानांनी वाट्या काढून पुन्हा बसवल्या, फळीला ठोकून पाहिलं, दाराची कड कानशीनं घासायला घेतली. कारण साधं होतं. कपाटाच्या दोन्ही टोकांच्या फळीवर एकेकच दार. ते फळीची पूर्ण जाडी झाकतं, त्याला सरळ हाताची बिजागरी लागते. मधल्या फळ्यांवर मात्र दोन्ही बाजूंनी एकेक दार येऊन बसतं. प्रत्येकानं अर्धीच फळी झाकायची असते, म्हणून तिथे थोड्या वाकलेल्या हाताची बिजागरी. बारांपैकी चार सरळ आणि आठ वाकलेल्या हव्या होत्या. जुन्या तशाच होत्या. पण सगळ्या एकाच डब्यात गेल्या होत्या, आणि खिशात गेलेली सरळ निघाली होती. आज माझ्या घरी येणारा मिस्त्री दार कुठं बसतंय याचा मोबाईलवर फोटो मागवतो आणि मगच दुकानात जातो. तेव्हा ज्याचं त्याला आठवायला लागायचं.

त्या दुपारी शेखकाका आले. ते वेल्डर, मिल हाउसमधले नानांचे जोडीदार, शेजारच्या ओळीत राहायचे. त्यांनी दुसऱ्या-तिसऱ्या दाराची टक्कर पाहिली, डबा हलवून आत बघितलं आणि तिथेच मांडी घालून हसायला लागले.

"रावसाहेब, तू? तू खुना न करता खोललंस?"

"घरातलं हाय म्हणून..."

"घरातलं हाय म्हणून दार दारावर बसलंय व्हय! आता लगीनच लाव त्यांचं. वहिनी, अक्षदा आना!"

आई तोंडाला पदर लावून हसली. महिन्याभरात पहिल्यांदा. नाना हसले नाहीत. मिल हाउसमध्ये कुठलाही भाग खोलायच्या आधी दोन्ही तुकड्यांवर खूण करतात, परत जोडताना खुणेला खूण मिळवतात. नवीन माणसाला पहिल्या दिवशी हेच शिकवतात आणि शिकवणारे बहुतेक वेळा नानाच असायचे. दुसऱ्या दिवशी त्यांनी आठ बिजागऱ्या बदलून आणल्या. येताना लाल ऑइलपेंटची छोटी डबी आणली. तेव्हापासून प्रत्येक बिजागरीवर केसाएवढी लाल रेघ दिसू लागली. आधीच्या चुकीनंतर नाना सावध झाले, एवढाच मी तिचा अर्थ लावला.

दारं बसली, पण काम संपलं नाही. खरं तर तिथून सुरू झालं. अशा बिजागरीच्या हातावर दोन स्क्रू असतात. मागचा सैल केला की दार आत-बाहेर सरकतं. पुढचा फिरवला की डावी-उजवीकडे. वरची बिजागरी एकीकडे आणि खालची जरा दुसरीकडे फिरवून ओघळलेलं दार उभं करता येतं. दोन दारांमधली फट वरपासून खालपर्यंत सारखी आली की जमलं. फट मोजायला नानांनी हॅकसॉची तीन मोडकी पाती दोऱ्यानं एकत्र बांधली होती. ती वरून फटीत घालायची आणि खाली ओढत आणायची. कुठे अडकली किंवा कुठे ढिली पडली की चुकलं. फट सारखी आली की नाना दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे स्क्रू सैल करायचे आणि पुन्हा पहिल्यापासून लावायचे. फक्त उजव्या हातानं. डावा हात ते पाठीमागे धरायचे. पेचकस घामानं निसटायचा, पडायचा, ओट्यावरच्या पितळी डब्यावर आदळायचा. आई म्हणायची, "डाव्यानं लावा की, कोन बघतंय?" नाना म्हणायचे, "साहेब बघनार हाय."

त्यांची चूक कायम एकाच ठिकाणी व्हायची. सगळं बरोबर यायचं आणि शेवटच्या पिळाला हात जास्तीचा जायचा. बोटाच्या टोकाला स्क्रू थांबल्याचं कळायचं नाही. पाती फटीच्या तळाशी, शेवटच्या दोन बोटांच्या अंतरात अडकायची. मग नाना पेचकस खाली ठेवायचे, लाल रेघ ओढायचे, आणि चार वाजता गेटसमोरच्या टपरीवर चहाला जायचे. चहा घरातही होत होता. त्यांना त्या वेळी ते दार नजरेसमोर नको असायचं.

चौथ्या की पाचव्या दिवशी ते गेल्यावर मी पेचकस उचलला. आई बाहेर वाळवणाचं सूप आत ओढत होती, आभाळ आलं होतं. मी खालच्या बिजागरीचा पुढचा स्क्रू पाव वेढा मागे घेतला आणि पाती ओढून पाहिली. सरसर खाली आली. पेचकस होता तिथे, होता तसा ठेवला. नाना आले, चपला काढायच्या आधी त्यांनी पाती फटीत घातली. ती खालपर्यंत आली. त्यांनी पुन्हा ओढून पाहिली. "मघाशी अडकत हुती," ते म्हणाले. मी तांदूळ निवडत होते, मान वर केली नाही. "मग डोळं दमलं असत्याल तुमचं," आई म्हणाली. त्या दिवशी नानांनी ताटातलं सगळं खाल्लं आणि वर थोडी काकवी मागून घेतली.

मग ते रोजचं झालं. नाना दिवसभर लावायचे, चारला जायचे, मी उठायचे. रोज वेगळं दार असायचं, पण जागा तीच. परत आले की ते पाती ओढायचे, मान हलवायचे, रॉकेलच्या बोळ्यानं लाल रेघ पुसायचे. त्यानंतर चौथ्या दिवशी आईला कळलं. ती दारात उभी होती आणि माझ्या हातात पेचकस होता.

"काय चाललंय?"

"काय न्हाई."

"कवापासनं काय न्हाई?"

मी सांगितलं. आईनं कणकेची परात पुढे ओढली. मग म्हणाली, "चुलीपाशी बसून मी इतकी वर्सं त्यांना आळनी कालवन वाढून 'मीठ बरूबर हाय का' म्हणून इचारती, आन ते बरूबर हाय म्हनत्यात. एवढं तर चालतंच." आणि ती कणीक मळायला बसली. तिनं मला थांबवलं नाही. मीही थांबले नाही. नाना आता सकाळी भोंग्याला उठून उभे राहत नव्हते. खाटेवर टेकून बसायचे, चहा शेवटपर्यंत प्यायचे. एकदा त्यांनी कपाटाची सहाही दारं एका ओळीत उघडून एकेक लोटून दिली. टक्, टक्, टक्. सहा वेळा. शेजारची बाई काय झालं म्हणून डोकावून गेली.

गणपती उठल्यावर शेखकाका आले तेव्हा नानांनी त्यांना त्याच दारांसमोर उभं केलं. हातात पाती दिली. काकांनी ओढून पाहिली, शीळ घातली. "साहेबांना सांग," नाना म्हणाले, "गुरवारी येतो."

काका नानांच्या पाठीवर थाप मारून गेले. तोवर मी फक्त पाती खाली येते की नाही एवढंच पाहत होते. गुरुवारी मिल हाउसमध्ये मोटरच्या बोल्टला शेवटचा पीळ नाना देणार होते, भोवती सगळे फिटर उभे असणार होते, आणि चार वाजता मागून जाऊन तो पीळ सारखा करणारं तिथे कोणी नसणार होतं. मी त्यांना पडायला उंच जागेवर नेऊन उभं केलं होतं. दोन दिवस मी सांगायचं ठरवत होते. पाण्याला जाताना ठरवायचे, परत येताना ते मोडायचे. मंगळवारी मी तिसरा मार्ग काढला, आणि माझ्या आठवणीत या सगळ्यातली सर्वांत भेकड गोष्ट तीच आहे. नाना चहाला गेले आणि मी दाराला हात लावला नाही. त्यांचं त्यांना कळू दे, असं मनाशी म्हटलं.

ते आले. पाती फटीत घातली. खालच्या दोन बोटांत ती अडकली. त्यांनी जोर केला नाही. दार उघडलं, आत वाकून बिजागरीकडे पाहिलं, मग दार हळूच लोटलं.

"मंगल," ते म्हणाले, "आज तू हात लावला न्हाईस."

आई ओट्याशी होती, ती वळली नाही.

"का लावला न्हाईस?"

"नाना, गुरवारी मी तिथं नसनार."

"ते मला कळत न्हाई व्हय?" त्यांचा आवाज चढला. घरात तो कधी चढत नसे. "ही लाल रेघ कशाला मारतो मी? स्क्रूवरनं आन हातावरनं एक सलग रेघ. चहा पिऊन यायचो तर रेघ तुटलेली. अर्धी हिकडं, अर्धी तिकडं. तिसऱ्या दिशीच कळलं मला. पेंट काय शोभेला लावलाय?"

"मग बोलला का न्हाई?" हे आईनं विचारलं.

"का बोलू? रेघ किती तुटली त्यावरनं माझा हात किती चुकला ते दिसायचं. ती रेघ माझा डायल हुती. मला फसवलंस त्याचं मला काय न्हाई. पर डायल मधीच न सांगता बंद पडला, तर फिटरनं कशावर इस्वास ठिवायचा?"

मी रडत होते की नाही ते आठवत नाही. नानांनी मला ओट्यापाशी बोलावलं आणि एकेक प्रश्न विचारायला सुरुवात केली, वर्कशॉपमध्ये एखाद्याकडून कामाचा हिशेब घ्यावा तसे.

"पैल्या दिशी किती फिरवलंस?"

"पाव वेढा."

"मग?"

"रोज कमी व्हत गेलं."

"आन मग?"

"मग पावच्या निम्मं. तिथंच राह्यलं."

"किती दिवस?"

"आठ. न्हाई, नऊ."

"अजून कमी व्हतंय का, थोडं तरी?"

हो म्हणणं सोपं होतं. आईची पाठ आमच्याकडे होती, पण भाकरी थापणारा तिचा हात थांबला होता.

"न्हाई," मी म्हणाले. "नऊ दिवस तेवढंच हाय."

नाना मान हलवत राहिले. "मलाबी रेघेवरनं तेवढंच दिसलं," ते म्हणाले. "दोघांचं जुळतंय म्हंजे खरं हाय. पाव वेढ्यापासनं निम्म्यावर आला हात. त्याच्या खाली न्हाई यायचा."

"मग जाऊच नगा," आई म्हणाली.

"न जाता गेटवर बसलो तर भिऊन बसला म्हनत्याल. जायाचं तर हाय."

पुढे तीस वर्षं मी एका वर्तमानपत्रात दुसऱ्यांच्या बातम्या दुरुस्त केल्या. ज्याची बातमी त्याला न सांगता ती सारखी करून पुढे पाठवणं हीच त्या खात्याची रीत असते, आणि घाईत दुसरं काही शक्यही नसतं. मी मात्र दुरुस्त केलेला कागद दुसऱ्या दिवशी ज्याच्या त्याच्या टेबलावर ठेवायचे. काहींना त्याचा फार राग यायचा. एकदोघं माझ्याशी बोलायचे थांबले. नियम मी बदलला नाही.

गुरुवारी नाना आठला गेले. पाऊस नव्हता, ऊन कडक पडलं होतं. आईनं शेंगोळ्यांचा घाट घातला, मग एवढ्यात कशाला म्हणून थांबली, मग पुन्हा लसूण सोलायला घेतला. मी अंगण दोनदा झाडलं. बाराच्या सुमाराला दोघं येताना दिसले. शेखकाका पुढे, नाना चार पावलं मागे. काकांचा चेहरा लाल झाला होता. ते उंबऱ्यातूनच बोलायला लागले.

"वहिनी, इचारा ह्याला! ह्यानं काय केलं इचारा!"

काय झालं ते काकांच्याच तोंडून आम्हाला कळलं. नानांनी तासाभरात मोटर जागेवर आणली होती. मोटरची उंची जमवायला तिच्या खाली पत्र्याच्या चकत्या बरोबर घातल्या, तीन बोल्ट आवळले, चौथ्याला शेवटचा पीळ दिला. डायल लावला. साहेब चष्मा केबिनमध्ये विसरले होते, म्हणून ते म्हणाले, शेख, तू वाच.

"मी वाकलो. वाकतोय तवर हा मागनं म्हनतो, साहेब, आठ हायती! अरे, मी चार सांगनार हुतो की! काटा काय बोंबलून सांगत हुता का आठ?"

"आठच हुत्या," नाना म्हणाले.

"मला दिसत हुत्या! आंधळा हाय का मी? पर साहेबाला दिसत न्हवत्या! मग तो गुडघं टेकून, डोळा लावून बघतोय, आन म्हनतो, व्हय, आठ. संपलं. आता हा सोमवारपासनं गेटवर. मी नंतर यिऊन बोल्ट सारखा केला असता, रावसाहेब. कुनाला कळलं असतं?"

"आन त्याच्या पुढचा? आन त्याच्या पुढचा?" नाना खाली बसले, पाय लांब केले. "सीझनभर तू माझ्या मागनं बोल्ट सारखे करत फिरनार? तसलं मानूस घरात एक हाय, शेख. मिलमधी नको."

काका काहीतरी बोलणार होते, पण त्यांनी आईकडे पाहिलं आणि मग माझ्याकडे. त्यांना काही समजलं असावं असं मला वाटत नाही. घरात काहीतरी झालेलं आहे एवढं त्यांना कळलं. ते जायला निघाले तेव्हा नानांनी त्यांचा शर्ट धरून खाली बसवलं. "शेंगोळं गार व्हत्यात. शिव्या जेवून दे."

ते दोघं जेवले. नानांनी दोनदा वाढून घेतलं. मी पाणी द्यायला वाकले तेव्हा हळूच विचारलं, डायल न बघता आठ कसं कळलं. त्यांनी घास संपवला आणि मग सांगितलं. "पीळ दिला तवा हात निसटला. माझा हात किती निसटतो ते आता मला ठावं हाय."

सोमवारी सकाळी आईनं नानांचे मिलचे बूट दारात काढून ठेवले होते. जाड तळाचे, पुढे लोखंडी टोपी असलेले, ग्रीसनं काळे झालेले. रोजच्या सवयीनं ठेवले होते, मुद्दाम नव्हे. नाना तिथे येऊन थांबले. "गेटवर बूट कशाला," ते म्हणाले आणि त्यांनी चपला घातल्या. आईनं बूट उचलले नाहीत, पायानंही बाजूला सारले नाहीत. नाना अंगणातून रस्त्याला लागेपर्यंत ती तशीच उभी राहिली. मिल हाउस लांब होतं, चालत पंधरा मिनिटं लागायची. गेट जवळच, वसाहतीच्या वळणावर. नाना तरीही मिल हाउसला जायला निघायचे त्याच वेळेला निघाले होते. मी दारातल्या पायरीवरून बघत होते. ते गेटपाशी पोचले. भोंगा व्हायला वेळ होता, रात्रपाळीचा माणूस अजून खुर्चीत होता. त्यानं उठायची तयारी केली, तर नानांनी हातानंच त्याला बस म्हटलं आणि फाटकाच्या गजांना धरून, रस्त्याकडे तोंड करून ते उभे राहिले.